ट्रॉलीत उगवलेला तांदुळजा

"सायेब, गुन्हा कबूल म्हणून लिवा, पण ट्रॅक्टर सोडा," असं म्हणत कोंडिबा आबांनी अंगठा शाईच्या पॅडवर टेकवलासुद्धा. मी म्हटलं, थांबा, ऑर्डर अजून टाइप व्हायचीय.

जुन्नर-आंबेगाव भागातल्या एका तहसील कार्यालयात मी अव्वल कारकून होतो, गौण खनिजाच्या टेबलावर. गौण खनिज म्हणजे वाळू, मुरूम, दगड, माती. विनापरवाना ते नेणारी गाडी पोलिसांनी पकडली की ती ठाण्याच्या आवारात उभी राहते आणि कागद आमच्याकडे येतात. नोटीस, सुनावणी, दंड, हमीपत्र, शेवटी गाडी सोडण्याचं पत्र. एवढं झालं की प्रकरण मिटलं.

या टेबलावर बसलो त्या दिवशी मी एक नियम केला. गावात कुणाचा चहा प्यायचा नाही. टपरीवर आज शेजारी बसलेल्या माणसाचाच डंपर उद्या पकडलेला असायचा. घरचे पुण्याला, मी इथं एका खोलीत. लोकांनी आधी आग्रह केला, मग बोलावणंच सोडलं. दुपारचा डबाही मी दार लोटून खायचो. नियम चोख पाळला, पण रविवार अंगावर यायचा, हे कबूल करतो.

आबा निमगाव साव्याचे. मेंढरं विकून त्यांनी ट्रॅक्टर घेतलेला. त्यांचं म्हणणं, ट्रॉलीत पाझर तलावातला गाळ होता, स्वतःच्या रानात टाकायला. ग्रामपंचायतीचं पत्रही होतं. पंचनाम्यात मात्र मुरूम लिहिलेला. गाळ असेल तर दंड नाही, मुरूम असेल तर आहे. पण प्रत्येक वाहनमालक असंच काहीतरी सांगतो, म्हणून मी कानाआड केलं. तीन तारखांना ते एसटीनं आले, बाहेरच्या बाकावर बसून राहिले. पेरणी तोंडावर आली आणि त्यांचा धीर सुटला.

मधल्या एका तारखेला ते दारातून डोकावले होते. "एकलंच जेवता व्हय? आमी बी भाईर एकलंच बसलोय. या की, चटणी हाय."

मी म्हटलं, नको, तुमची केस आहे माझ्याकडे.

आबांनी अंगठा टेकवला त्या दिवशी ऑर्डर टाइप करताना पंचनाम्यातल्या ट्रॉलीच्या नंबरात खाडाखोड दिसली. आबांना बसायला सांगून मी नंबर पडताळायला ठाण्याच्या आवारात गेलो. वळवाचे दोन-तीन पाऊस होऊन गेले होते. पकडलेल्या गाड्या ओळीनं उभ्या, आणि त्यात आबांची ट्रॉली हिरवीगार. काठोकाठ तांदुळजा, मधेच टोमॅटोची दोन रोपं. चाकावर चढून मी मूठभर उपसलं. काळा, मऊ गाळ. तीन तारखा मी कागद वाचत होतो आणि पाच मिनिटांवरच्या ट्रॉलीत वाकून बघितलं नव्हतं. मला स्वतःची लाज वाटली.

तहसीलदार मॅडम वैतागल्या. "वाहनमालकच कबूल आहे, तुम्हाला काय पडलंय?"

"मॅडम, मुरमात पालेभाजी येत नाही. एकदा बघून घ्या."

त्या आल्या, बघितलं. फेरपंचनामा झाला. प्रकरण दंडाशिवाय बंद झालं. गाडी सोडण्याचं पत्र मी स्वतः ठाण्यात नेऊन दिलं.

आबांनी ट्रॉलीतला तांदुळजा उपटला, जुडी बांधली आणि माझ्यापुढं धरली. "घ्या. सरकारी आवारात उगवलाय, माझा न्हाई."

मी हात मागे घेतला. त्यांनी जुडी सीटखाली ठेवली.

"लई अवघड हाय राव तुमचं," म्हणाले आणि ट्रॅक्टर घेऊन गेले. त्या संध्याकाळी खोलीवर मी वरणभात लावला.

आता रिटायर झालो. नियमाची गरज संपली, आणि चहाला बोलावणारंही कुणी उरलं नाही. परवा ओझरला दर्शनाला गेलो होतो. तिथून निमगाव सावा फार लांब नाही. रस्त्यावर तासभर उभा राहिलो. जाऊन काय सांगायचं, ते सुचेना, म्हणून पुण्याची गाडी धरली.

त्या टेबलावर नव्यानं येणाऱ्याला दोनच गोष्टी सांगेन. पंचनामा वाचून झाला की ट्रॉलीत वाकून बघा. आणि केस मिटल्यावर कुणी भाजीची जुडी पुढं केली तर घ्या.