पोथीतला हशा

गेल्या डिसेंबरातल्या एका रविवारी संध्याकाळी, दादरच्या एका सभागृहात, माझ्या वडिलांनी लिहिलेली पोथी सातशे वर्षं जुनी असल्याचं जाहीर झालं. वडील तिसऱ्या रांगेत बसले होते. मी त्यांच्या शेजारी होते.

पोथी नाटकासाठी केलेली होती. ब्याऐंशीचा गिरणी संप होऊन गेला होता, वडिलांची मिल पुन्हा उघडली नव्हती. परळच्या हौशी कामगार मंडळींनी एक प्रहसन बसवलं. त्यात राजगुरू राजाला एक प्राचीन ग्रंथ वाचून दाखवतो: नादावर चालणारी जादूची यंत्रं कशी घडवावीत. कोणता धातू, कोणत्या नक्षत्रावर ओतायचा, कोणत्या स्वराला तो जागा होतो. ग्रंथ, यंत्रं, संस्कृत, सगळं वडिलांनी रचलं. संस्कृत ते रात्रशाळेत शिकले होते. आमचं घर बौद्ध. ‘तुला हे कशाला?’ असं तिथे त्यांना विचारलं गेलं होतं, ते त्यांनी अजून विसरलेलं नाही.

राजगुरूचं काम वडिलांच्या मित्राकडे होतं आणि त्याचं पाठांतर कच्चं होतं. म्हणून नुसती रंगवलेली पुठ्ठ्याची पोथी चालेना; अख्खा मजकूर पानांवर लिहावा लागला. वडिलांनी कार्डशीटच्या लांब पट्ट्या कापल्या, चहाच्या पाण्यात बुडवल्या आणि चाळीच्या गॅलरीत दोरीवर वाळत टाकल्या. दोन दिवस आमच्या मजल्यावर कुणाला कपडे वाळत घालता आले नाहीत. शेजारच्या मावशींनी त्यावरून आईला बरंच ऐकवलं. लोक जिथे हसतील तिथे वडिलांनी लाल शाईने ‘हशा’ लिहिलं. हसणं थांबेपर्यंत मित्राने पुढचं वाचू नये, एवढाच त्याचा अर्थ.

एक झांज होती, नवरा-बायकोच्या भांडणात वाजवली की भांडण कशावरून होतं ते दोघंही विसरत. हशा. एक शंख होता, पुढाऱ्याच्या कानाशी फुंकला की तो खरं बोले आणि तिथेच मरे. हशा. शेवटचं यंत्र भोंगा. ‘भोङ्गो नाम महायन्त्रम्.’ तो वाजला की सहस्र पुरुष झोपेतून उठतात, एकमेकांशी न बोलता एका दारातून आत जातात आणि निम्मे होऊन बाहेर येतात. तिथेही वडिलांनी ‘हशा’ लिहिलं होतं.

पहिल्या प्रयोगाला मी पुढे सतरंजीवर बसले होते. भोंग्याच्या जागी कुणी हसलं नाही. मिलचे भोंगे बंद पडलेले होते आणि प्रेक्षकांत बहुतेक त्याच भोंग्यावर उठणारे. मित्र पोथीप्रमाणे हशाची वाट पाहत थांबला. हशा येईना, हा पुढे वाचेना. घरी आल्यावर वडिलांनी तेवढा एक ‘हशा’ खोडला.

नाटकाचं सामान, पोथीसकट, एका ट्रंकेत भरून गिरगावातल्या एका भाड्याने सामान देणाऱ्याकडे ठेवलं होतं. ती इमारत पाडली गेली. ट्रंक कुणी नेली हे मला कळू शकलं नाही.

दादरच्या सभागृहात, कार्यक्रम ठेवणाऱ्या संस्थेच्या संशोधकांनी सांगितलं की पोथी कोकणातल्या एका वेदशास्त्रसंपन्न घराण्यात सापडली.

“आपण कधी झालो गं वेदशास्त्रसंपन्न?” वडील मला म्हणाले. कुजबुजणं त्यांना येत नाही. पुढच्या रांगेतल्या बाईंनी वळून पाहिलं.

संशोधक पुढे म्हणाले, ‘हशा’ हे आजवर अज्ञात असलेलं बीजाक्षर आहे. भोंगा ही समूहाच्या मनावर ताबा मिळवण्याची विद्या, आणि पुरुष निम्मे होतात ही आकुंचनविद्या. पडद्यावर भोंग्याचं पान आलं. खोडलेल्या शब्दाभोवती बाण काढून लिहिलं होतं: लेखनिकाचा प्रमाद. कागदाची चाचणी झाली आहे का, याचा उल्लेख झाला नाही.

प्रश्नोत्तरांत वडील उभे राहिले. ते पंच्याऐंशीच्या पुढे आहेत, त्यामुळे माइक लगेच मिळाला.

“ही पोथी मी लिहिलीय. हशा म्हणजे लोक हसतील, तोवर थांब.”

सभागृहात हशा पिकला. वडील थांबले. तो ओसरल्यावर म्हणाले, “हे असं.”

“काका, प्रश्न विचारा, भाषण नको,” कार्यकर्ता म्हणाला.

“प्रश्नच विचारतो. माझं नाव लावणार का?”

संशोधक हात जोडून म्हणाले, “आजोबा, आपल्या ऋषींची तरी टिंगल नको.” कार्यकर्त्याने माइक काढून घेतला. काढून घेतला, हाच शब्द बरोबर आहे. वडिलांनी तो सोडला नव्हता.

दुसऱ्या दिवशी बातमी आली. मी जिथे उपसंपादक आहे त्याच दैनिकात, तिसऱ्या पानावर. वडिलांना खुलासा हवा होता, त्यांच्या नावासह. मी तो चार ओळींत लिहून वृत्तसंपादकांकडे नेला.

“आपण ‘असा दावा’ लिहिलंय,” ते म्हणाले.

“मथळ्यात ‘सापडली’ आहे.”

“मथळ्यात जागा कुठे असते? बरं, बाबांकडे पुरावा काय?”

“लिहिणारे तेच आहेत.”

“म्हणजे तोही दावाच ना.” मग हसून म्हणाले, “त्यांना सांग, सातशे वर्षं टिकलात. आम्ही उद्या रद्दीत.”

मी हसले नाही. इतकी वर्षं या टेबलावर मी इतरांच्या मजकुरातल्या चुका काढल्या आहेत. घरची पोथी चोरीला गेली आणि त्याच टेबलाने चोराची बाजू दोन कॉलमांत छापली. त्या दिवसापासून वृत्तसंपादकांशी मी कामापुरतं बोलते.

भोईवाड्यात घरी जाऊन वडिलांना सांगितलं. ते कॉटवर बसून ऐकत होते.

“सातशे वर्षांपूर्वी मला पोथीला हात लावू दिला असता का?” ते म्हणाले. “आता मीच लिहिलीय म्हणतोय, तरी नाही. यांना मी कधी चालणार ते एकदा विचारून ये.”

त्यांनी संस्थेला रजिस्टर पत्र पाठवलं. सोबत त्याच लाल शाईच्या अक्षरात ‘हशा’ असं पाच वेळा लिहून जोडलं. पोचपावती आली. उत्तर आलं नाही. खुलासा छापला गेला नाही.

पोथीचं प्रदर्शन फेब्रुवारीत लालबागच्या एका शाळेत आलं. मी दोनदा गेले. पहिल्या वेळी बाई मुलांकडून एका सुरात ‘हशा’ म्हणवून घेत होत्या, आणि काचेखालच्या पाटीवर ‘कर्ता : अज्ञात’ असं होतं. वडिलांच्या सहीचा लेखी आक्षेप मी तिथल्या टेबलावर दिला आणि पोच घेतली.

दुसऱ्या वेळी पाटी बदललेली होती. ‘अज्ञात’ काढून तिथे ‘अपौरुषेय’ लिहिलं आहे.