हेडमास्तरांची चार चाके

सबंध नोकरीत मी खून पाहिले, दरोडे पाहिले, दंगली अंगावर घेतल्या. त्यातलं बरंचसं आता विसरलो आणि विसरलो ते बरंच झालं. पण मुलुंडची ती चाकांची चोरी काही केल्या विसरत नाही. जेवता जेवता आठवली तरी हसू फुटतं, आणि आमची मंडळी म्हणते, "आली वाटतं पुन्हा ती चाकं!"

साल ऐंशीनंतरचं. मी तेव्हा मुलुंडला सब-इन्स्पेक्टर होतो. दिवाळी तोंडावर आलेली, रविवारची सकाळ. ठाणे अंमलदारासमोर एक गृहस्थ येऊन ताठ उभे राहिले. पांढरा शुभ्र सदरा, जाड भिंगांचा चष्मा. निवृत्त हेडमास्तर. म्हणाले, "माझ्या मोटारीची चारही चाके चोरीस गेली आहेत. लिहून घ्या."

अंमलदारानं लिहायला घेतलं. हेडमास्तर टेबलावर वाकून वाचत होते. "चाकं नव्हे, चाके! सरकारी कागद आहे हा." त्या फिर्यादीत त्यांनी आमच्या शुद्धलेखनाच्या सात चुका काढल्या. अंमलदार घामाघूम झाला. अज्ञात इसमाविरुद्ध गुन्हा दाखल करून मी हवालदाराला घेऊन पंचनाम्याला निघालो.

सोसायटीच्या मागच्या अंगाला पत्र्याच्या शेडखाली दुधी रंगाची गाडी उभी होती, टॅक्सीच्या जातीचीच. उभी म्हणजे विटांवर. चारी कोपऱ्यांत विटांचे चार रचीव ठोकळे, आणि गाडीचा पत्रा दबू नये म्हणून प्रत्येक ठोकळ्यावर लाकडाची फळी. चाकांचे बोल्ट एका स्वच्छ फडक्यात बांधून विटांच्या आड ठेवलेले. सोळाच्या सोळा.

हवालदार माझ्याहून वयानं मोठे, साताऱ्याकडचे. गाडीभोवती एक फेरी मारून म्हणाले, "साहेब, चोर लई सज्जन दिसतोय."

मी हसलो आणि पंचनाम्याला लागलो. तिथंच थांबून विचार करायला हवा होता. पण अंगावर वर्दी नवी होती, आणि नव्या वर्दीला धावायची फार घाई असते.

हेडमास्तर आम्हाला घरी नेताना जिन्यात दोनदा थांबून सांगत होते. शनिवारी दुपारी नवराबायको दिवाळीच्या खरेदीला गेले, संध्याकाळी अंधारात परतले, गाडीकडे कुणी पाहिलं नाही. सकाळी पाहतात तर हे. लेकीचं लग्न उन्हाळ्यात झालं होतं, यंदा जावयाचा पहिला दिवाळसण. पाडव्याला लेक-जावयाला गाडीत घालून फिरवायचं त्यांनी ठरवलेलं. "आता काय, त्यांना विटांवर बसवू?" असं म्हणून ते खाली बघत राहिले. मला वाईट वाटलं.

सोमवारी सकाळी खबर आली. आमचा एक खबऱ्या होता, पानवाला. तो म्हणाला, "साहेब, रेल्वे फाटकाजवळचा फिटर आहे ना, त्याच्या टपरीत चार डिस्क पडल्यात. ताजा चंदेरी रंग मारलाय. अजून वाळला पण नाय."

डिस्क म्हणजे टायर बसवतात ती लोखंडी चकती. मी आणि हवालदार पोहोचलो. तिशीच्या आतला फिटर, मालवणकडचा, हात कोपरापर्यंत काळे. आम्हाला बघून उभा राहिला. चाकं कुणाची, तर नाहूरच्या एका गिऱ्हाइकाची. गिऱ्हाईक कुठे, तर दिवाळीला गावी. झालं! हेडमास्तरांना बोलावलं. त्यांनी चष्मा पुसून पाहिलं आणि जाहीर केलं, "हीच! ओळखू येऊ नयेत म्हणून रंग दिला आहे."

चाकं मुद्देमालात आली आणि फिटर ठाण्यातल्या बाकावर. अटक दाखवली नव्हती. पोलिसांच्या भाषेत त्याला 'बसवून ठेवणे' म्हणतात. कागदावर काही नसतं, पण ज्याला बसवलं त्याचं सगळं गाव बघून जातं.

मी त्याला चार तास फिरवून फिरवून तेच विचारलं. तो दर वेळी तेच सांगायचा. "सायबानू, मी चोरी करूक नाय. त्या गाडयेक ही चाका लागाचीच नाय."

"सगळी चाकं गोलच असतात रे. शहाणपणा करू नकोस."

संध्याकाळी पाचच्या सुमारास एक माणूस ठाण्याच्या दारात आला. दहिसरचा, गिरणीतून निवृत्त झालेला, हे मागाहून कळलं. त्यानं आत डोकावून बाकाकडे पाहिलं. फिटर उठून उभा राहिला. तो माणूस एवढंच म्हणाला, "पाडव्याला येऊ नका," आणि पाठ फिरवून गेला.

मी विचारलं, "कोण रे ते?"

"मुलीचो बापूस," फिटर म्हणाला. "पाडव्याक माझो साखरपुडो होतो." आणि इतका वेळ शांत बसलेला तो गडी एकदम उसळला. "सायबानू, माका हंयसर बसवून ठेवण्यापरास ती चाका बसवून बघा ना!"

हवालदार कागद लिहीत होते. त्यांनी पेन खाली ठेवलं आणि माझ्याकडे बघितलं. त्या नजरेत, "साहेब, हे आपल्याला आधी का सुचलं नाही?" हे अगदी स्पष्ट लिहिलेलं होतं. मी फिटरला लगेच घरी सोडला आणि सकाळी सोसायटीत यायला सांगितलं. मला रात्री जेवण गेलं नाही.

मंगळवारी सकाळी दोन पंच घेऊन आम्ही चाकं घेऊन गेलो. माणसांची ओळखपरेड मी पाहिली होती, चाकांची पहिलीच. बायका गॅलरीत जमल्या. हेडमास्तर हात मागे बांधून पर्यवेक्षकासारखे उभे राहिले.

फिटरनं एक चाक उचलून पुढच्या हबवर, म्हणजे आसाच्या टोकाला चाक बसतं त्या बैठकीवर, टेकवलं. घेर तोच, भोकं चारच. हेडमास्तर म्हणाले, "बघा!" फिटरनं पहिला बोल्ट फिरवला, गेला. दुसरा फिरवला, गेला. तिसरा भोकाच्या कडेवर आपटून थांबला. चौथा तर चक्क लोखंडावर टेकला.

"जरा ठोकून बसव," हेडमास्तर म्हणाले.

"ठोकून बसवललो चाक रस्त्यार सुटता, मास्तरानू. मगे गाडी एकीकडे आणि चाक फुडे."

मग त्यानं आम्हा सगळ्यांची शाळा घेतली. चाकाचा घेर जमला म्हणजे चाक जमलं असं नाही. भोकं किती तेही पुरत नाही, भोकं ज्या वर्तुळावर पाडलीत ते वर्तुळ जमायला हवं, तेही केसभर इकडेतिकडे चालत नाही. मधलं मोठं भोक हबवर घट्ट बसलं पाहिजे, वजन त्यानं घ्यायचं, बोल्टांनी नाही. आणि चकतीची खोली बरोबर हवी, नाहीतर स्टिअरिंग वळवलं की टायर मडगार्डला घासतो. बोलता बोलता त्यानं हेडमास्तरांना विचारलं, "मास्तरानू, तुमची गाडी हायवेक थरथरायची मा?"

हेडमास्तर चपापले. "थरथरायची. तुला कसं ठाऊक?"

"मागल्या हबावरचे घासल्याचे खुणा बघा. कोणीतरी मागची दोन चाका 'जवळपास त्याच मापाची' म्हणान तुमच्या गळ्यात मारली हत."

हेडमास्तर वाकून ती खूण बोटानं चाचपून पाहू लागले. ज्या माणसानं आयुष्यभर गणित शिकवलं, त्याला 'जवळपास' हा शब्द किती लागला असेल! मी तिथल्या तिथे पंचनाम्यात लिहिलं, चाके सदर गाडीस बसत नाहीत. 'चाके' असंच लिहिलं.

फिटर सुटला. पण दहिसरला निरोप गेला तो गेलाच होता. "आता जावन सांगलंय तरी कोण इश्वास ठेवतलो?" असं म्हणून तो आपली हत्यारं गोळा करू लागला. मला तोंड लपवायला जागा नव्हती. खरा चोर सापडल्याशिवाय त्याच्यावरचा डाग जाणार नव्हता, आणि पाडव्याला उरले होते दोन दिवस.

हेडमास्तरांच्या पत्नीनं आम्हाला वर बोलावलं. दिवाळीचे दिवस, पोलीस असला म्हणून काय झालं, फराळाशिवाय जाऊ द्यायचं नाही. ताटलीत चकली, चिवडा, शंकरपाळे. चकली तोंडात टाकली आणि मी मनापासून म्हणालो, "वहिनी, झकास झालीय."

बाई खुलल्या. "जावईबापूंना पण इतकी आवडली! शनिवारी शेजारी मुद्दाम फोन करून सांगितलं, चकली नेली म्हणून. तसे मिश्कील आहेत हो. मी तर चकली कालच तळली. शुक्रवारी लेकीबरोबर नुसते शंकरपाळे पाठवले होते. पण पुरुषांना काय कळतंय चकली आणि शंकरपाळ्यातलं!"

माझा घास तोंडात तसाच राहिला. "फोन कुणी घेतला?"

शेजारच्या काकू सत्तरीच्या, कानानं अधू. सोसायटीत फोन तेवढा त्यांच्याकडेच. मी त्यांच्या कानाशी जाऊन ओरडलो, "जावई नक्की काय म्हणाले?"

"ओरडतोस काय? ऐकू येतं मला!" काकू म्हणाल्या. "फोनमध्ये खरखर होती. म्हणाले, चकली मी नेली. काळजी करू नका, पाडव्याला आणून देतो. आणि म्हणाले, चारही नेली."

"चारही?"

"मला वाटलं, चार डबे असतील."

हवालदार भिंतीकडे तोंड करून हसायला लागले. त्यांचे खांदे गदागदा हलत होते. चाकं आणि चकली! अख्खं पोलीस ठाणं तीन दिवस ज्याच्या मागे धावत होतं, तो चोर स्वतः फोन करून कबुली देऊन मोकळा झाला होता.

दुपारी आम्ही अंधेरीच्या औद्योगिक वसाहतीत जावयाच्या कारखान्याच्या फाटकावर हजर. जावई टूलरूममध्ये कामाला. बाहेर आला तो खिशात बारीक मापं घ्यायचा व्हर्नियर घेऊनच. वर्दी बघून त्याचा चेहरा उतरला.

"चाकं कुठायत?" मी विचारलं.

"आत आहेत. का? सासरी काही झालं का?"

"झालं ना. सासऱ्यांनी तुमच्यावर चोरीचा गुन्हा नोंदवलाय."

"माझ्यावर?" बिचारा मटकन कट्ट्यावर बसला.

"अज्ञात इसमावर. ते अज्ञात इसम तुम्ही."

मग सगळं बाहेर आलं. लग्नानंतर एकदा तो त्या थरथरत्या गाडीत बसला होता. चाकं चुकीची आहेत हे त्यानं ओळखलं, पण हेडमास्तरांना तोंडावर कोण सांगणार? दिवाळसणाला जावयानं काहीतरी मागायचं असतं. यानं मागायच्या ऐवजी द्यायचं ठरवलं. दुकानदार म्हणाला, नमुना आणा. हा म्हणाला, नमुना कशाला, चारही आणतो, प्रत्येकाचं माप वेगळं निघायचं. शनिवारी टेम्पो घेऊन गेला, घरात कुणी नाही, मागे विटा पडलेल्या. फळ्या ठेवल्या, बोल्ट फडक्यात बांधले आणि कारखान्यात पोचल्यावर काकूंना फोन केला. चाकं काढली तेव्हाच हबचीही मापं घेतली होती, त्यांच्याशी ताडून व्हर्नियरनं भोकांचं वर्तुळ, मधलं भोक, खोली सगळं मोजून चार नवी चाकं त्यानं निवडली होती. एकही 'जवळपास' नव्हतं.

पाडव्याच्या सकाळी नवी चाकं मुलुंडला आली. हेडमास्तरांनी जावयाकडे बघितलं, चाकांकडे बघितलं, चष्मा काढून पुसला आणि म्हणाले, "मला विचारलं असतं तर मी नाही म्हणालो असतो."

"म्हणूनच विचारलं नाही, बाबा."

"बरं केलंत." आणि ते स्वतः चालत फाटकाजवळच्या टपरीवर गेले. फिटर बंद टपरीपुढे बसला होता. काय बोलले ते मला ठाऊक नाही, पण परतले तेव्हा दोघं बरोबर होते आणि फिटरची हत्यारांची पिशवी हेडमास्तरांच्या हातात होती.

चाकं त्यानंच बसवली. हातानं फिरवली तेव्हा चारही चाकं आवाज न करता फिरत राहिली. फिटर आणि जावई एकमेकांकडे बघून हसले, दोन कसबी माणसं हसतात तसे. हेडमास्तरांच्या पत्नीनं चाकांना हळदकुंकू वाहिलं.

"आता आंघोळ कर आणि चांगले कपडे घाल," हेडमास्तरांनी फिटरला फर्मावलं. "दहिसरला जायचंय. साहेब, तुम्हीसुद्धा. वर्दीत."

पवईच्या रस्त्यानं हायवेला लागलो. गाडीत हेडमास्तर, त्यांची पत्नी, लेक, जावई, फिटर आणि मी. कोण कुणाच्या मांडीवर होतं ते विचारू नका. हायवेवर गाडीनं वेग घेतला, एक थरथर नाही. हेडमास्तर शाळकरी पोरासारखे ओरडले, "बघा, बघा!"

दहिसरच्या चाळीत मुलीच्या घरी दार लावलेलं. दार उघडलं ते बापानंच. वर्दी बघून तो दचकला. "आता आणि काय केलं यानं?"

मी घसा साफ केला. अशा वेळी काय बोलायचं हे आम्हाला कुणी शिकवलेलं नव्हतं. "काही केलेलं नाही. मी याला उगाच बसवून ठेवलं. चूक माझी आहे."

त्या माणसानं मागे वळून घरात पाहिलं. आतून मुलीनं पडदा जरासा सारलेला त्याला दिसला असावा. त्याचा चेहरा सैल झाला. "या, बसा," तो म्हणाला. शेजारपाजारचे धावले, सतरंज्या आल्या, कुणी नारळ आणायला पळालं. तासाभरात खोलीत मुंगीला शिरायला जागा उरली नाही. मुलीच्या मामानं हेडमास्तरांना अदबीनं विचारलं, "आपण मुलाकडचे की मुलीकडचे?"

हेडमास्तर ताठ उठून उभे राहिले. "मी फिर्यादी," म्हणाले.

क्षणभर कुणाला कळेना. मग कळलं आणि सगळी चाळ हसली. मुलीचा बाप तर डोळे पुसत हसत होता. त्या हसण्यातच साखर फुटली, मुलीला कुंकू लागलं, आणि फिटर लाजून आपल्या स्वच्छ धुतलेल्या हातांकडे बघत बसला.

गुन्हा 'सी समरी'त निघाला, गैरसमज म्हणून. सीनियर साहेबांनी कागद वाचला, चकलीपाशी दोनदा थांबले आणि सही केली. पुढे मी कितीतरी संशयित आणले, पण बाकाकडे बोट दाखवण्याआधी समोरच्याचं म्हणणं एकदा तपासून बघायची सवय मला त्या दिवाळीत लागली. आणि आणखी एक. वर्दीतल्या माणसानं चूक कबूल केली की वर्दीचा मान जातो, असं मला तोवर वाटायचं. दहिसरला मी ती चारचौघांत कबूल केली, आणि मुलीच्या आईनं सगळ्यांच्या आधी पेढा माझ्या हातावर ठेवला.