धुळीतून निघालेला राक्षस

भुताखेतांची आणि परग्रहांची चित्रं टिपण्यात माझा जन्म गेला. लोक विचारतात, तुम्हाला भीती नाही वाटत? वाटते की, पण भुतांची नाही, दिग्दर्शकांची.

स्वतंत्र कॅमेरामन म्हणून पहिला सिनेमा मिळाला तेव्हा लातूर नुकताच जिल्हा झाला होता आणि आमच्या मुरुडकडे दुष्काळ होता. दिग्दर्शक मुंबईचे. त्यांना निर्जीव ग्रह हवा होता. मी भेगाळलेला तलाव दाखवला. ते हरखले, पण त्यांनी बजावलं, "राक्षस चिखलातून वर येतो तो शॉट पहिल्याच दिवशी. फसला तर उद्या दुसरा कॅमेरामन येईल." चिखलासाठी पाण्याचा टँकरही सोबत घेतला.

सकाळी पोचलो तर तलावाच्या काठावर सडा, रांगोळी, हलगी! नव्या जिल्ह्याचे साहेब पाहणीला येणार म्हणून गाव वाट बघत होतं, आणि पोचलो आम्ही, दोन जीप अन् मागे टँकर घेऊन. काळा चष्मा आणि हॅट पाहून एका आजीनं दिग्दर्शकांनाच ओवाळलं. त्यांनीही मान तुकवून कुंकू लावून घेतलं. एवढा मान त्यांना मुंबईत कोण देत होतं?

"आजी, आम्ही साहेब नाही, सिनेमावाले आहोत," मी सांगितलं.

"मंग टँकर कशाला आनलाव?"

"चिखल करायला."

आजी रागावली नाही. सड्याकडे बघत एवढंच म्हणाली, "आमी घरातली घागर ओतली की रं हितं."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी दिग्दर्शकांना बाजूला घेतलं. "टँकर गावाला देऊ. राक्षस धुळीतून काढतो, संध्याकाळी, उन्हासमोर. फसलं तर मीच बॅग भरतो." कपाळावरच्या कुंकवाचा गुण असेल, पण ते हो म्हणाले.

दुपारपर्यंत घागरींनी टँकर रिकामा केला. मग मी बायकांना सुपं आणायला लावली. खळ्यावर धान्य उपणतात तशी वाऱ्यावर धूळ सोडायची होती.

"औंदा उपनायला दाना न्हाई. धूळ तर धूळ," म्हणत आजी सगळ्यांत पुढे उभी राहिली. बाकीच्या हसूनहसून वाकल्या.

ऊन कललं. कॅमेरा सूर्याकडे तोंड करून लावला. सुपं हलली, धूळ उजळली आणि तिच्यातून काळा राक्षस रांगत पुढे आला. स्वतःच उभा केलेला देखावा, तरी माझ्या अंगावर काटा आला. दिग्दर्शकांनी 'कट' म्हटलं, पाठीवर थाप मारली आणि विचारलं, "उद्या कॅमेरा किती वाजता लावतोस?"

मी आनंदानं ओरडणारच होतो. पण बायका राक्षसाकडे बघत होत्या. रबरी पोशाखातला तो बिचारा नट धुळीत बसून खोकत होता. आजी तांब्या घेऊन त्याच्याकडे गेली, दोन्ही हातांनी त्याचा मुखवटा ओढून काढला आणि म्हणाली, "पी लेकरा, पोटभर पी. आज घरात पानी हाय."