आईनं बूट दाराबाहेर काढून ठेवले होते

आधीच स्पष्ट सांगते. मी आयसीयूत काम करणारी बाई आहे. माणूस जाताना मॉनिटरवर काय काय दिसतं ते मी इतक्या वेळा पाहिलंय की आत्मा, छाया, अंगात येणं असलं काही ऐकलं की माझं डोकं फिरतं. या ग्रुपवर लोकांच्या अनुभवांखाली ‘झोप पूर्ण करा’ अशी कॉमेंट टाकणारी मीच — जुने मेंबर ओळखतील. तेव्हा आज मीच लिहितेय म्हणून ज्यांना उकळ्या फुटत असतील त्यांनी खुशाल फुटू द्याव्यात. फक्त ‘तुम्हाला भास झाला असेल’ हे मला कोणी सांगू नका. ते माझा नवरा वर्षभर सांगतोय, तेवढं पुरे आहे.

आम्ही सौदीत राहतो, बुरैदाला. मी हॉस्पिटलात स्टाफ नर्स, नवरा संदीप एका प्लांटवर मेंटेनन्सला, मुलगी ईरा इंडियन स्कूलमध्ये. आई मूळची देवरुखची. बाबा जाऊन बरीच वर्षं झाली. त्यानंतर आई एकटीनं घर, आंब्याची कलमं, सगळं बघत होती, आणि मग तिला स्ट्रोक झाला. उजवी बाजू लुळी पडली आणि वाचा गेली. समजतं सगळं. चहा हवा का विचारलं तर मान हलवते, सीरियलमधल्या सासूवर डोळे वटारते. पण शब्द तोंडापर्यंत येतो आणि अडकतो. भाऊ-वहिनी दोघं नोकरीवाले, म्हणून मी तिला व्हिजिट व्हिसावर इकडे घेऊन आले.

रोज ड्युटीवरून आले की तिला समोर घेऊन बसायचे. ‘पा... पाणी.’ ‘बा... बाय.’ बाय म्हणजे मी, लहानपणापासून ती मला तेच म्हणते. कितीतरी महिन्यांनी ‘पाणी’ आलं. मग एका संध्याकाळी मी भाजी निवडत असताना मागून ‘बाय’ आलं. मी किचनमध्ये जाऊन तोंडावर ओढणी धरून रडले. त्या दिवसापासून मला खात्री होती की आई बोलणार. मला तेवढंच हवं होतं, बाकी हात-पाय सावकाश सुधारले असते.

आणि मग संक्रांतीचं हळदीकुंकू आलं.

आमच्या इथल्या मराठी बायकांचा ग्रुप आहे. सगळ्या शिकलेल्या — डॉक्टर, टीचर, आयटीवाल्या. त्या वर्षी वैशालीकडे होतं. (नाव बदललंय. तिला कळेलच, कळू दे.) आईला मी तिची जांभळी साडी नेसवली, वेणी घातली. ती खुशीत होती. सोफ्यावर बायकांच्या रांगेत बसली. वैशाली करंडा घेऊन एकेकीला कुंकू लावत आली. आईची पाळी आली तेव्हा आईनं डोळे मिटून कपाळ पुढे केलं. सवय हो... चाळीस वर्षांची सवय. आजारात ती विसरली असेल की आता आपल्याला लावत नाहीत, किंवा विसरली नसेल, मला माहीत नाही. वैशालीचा हात हवेत थांबला. आणि पुढच्या बाईकडे गेला.

आई तशीच बसली होती. डोळे मिटून, कपाळ पुढे करून. कोणीतरी म्हणालं, ‘काकूंना तिळगूळ द्या ना,’ आणि तिच्या मांडीवर तिळगुळाची पुडी आणि वाणाचा प्लॅस्टिकचा डबा ठेवला. मग तिनं डोळे उघडले.

मी वैशालीला किचनमध्ये गाठलं. मला म्हणते, ‘अगं, रीत असते. उलट लावलं असतं तर काकूंनाच वाईट वाटलं असतं.’ ज्या बाईला बोलता येत नाही, तिच्या मनातलं हिला बरं कळलं! मी तिथून आईला घेऊन निघाले ते चप्पल अर्धवट घालून.

त्या दिवसानंतर आईनं तोंड मिटलं. ‘पाणी’ नाही, ‘बाय’ नाही. मी समोर बसले की भिंतीकडे तोंड करायची. जेवण दोन घासांवर आलं. आमच्या न्यूरोच्या डॉक्टरांनी तपासलं आणि म्हणाले, स्कॅनमध्ये नवीन काही नाही, तिनं प्रयत्न सोडलाय, आणि पेशंटनं प्रयत्न सोडला की आपल्या हातात फार काही राहत नाही. हे वाक्य मी स्वतः किती नातेवाइकांना ऐकवलंय. स्वतःच्या आईबद्दल ऐकायला फार वाईट वाटतं.

ईराच्या शाळेला सुट्टी लागली होती, म्हणून संदीप म्हणाला चला, अल-उलाला जाऊ, आईंना जरा बदल होईल. तिथे हेग्रा म्हणून जागा आहे. दोन हजार वर्षांपूर्वीच्या लोकांनी वाळवंटातल्या उभ्या खडकांत थडगी कोरलीत, वरून देवळासारखं नक्षीचं दार, आत अंधारी खोली. सूर्योदयाची गाईडेड टूर असते. संदीपनं ती बुक केली, कारण त्याला फोटो हवे होते. आईला हवं का, हे विचारायला ती उत्तर कुठे देत होती?

पहाटे बसनं नेलं. थंडी कडक. आईला स्वेटर, शाल, कानटोपी, पायात वेलक्रोचे बूट — हे बूट रोज मीच चढवते, कारण एका हातानं तिला ते जमत नाही — आणि हातात चार पायांची काठी. आमची गाईड नूरा म्हणून तिथलीच एक सौदी मुलगी होती. तिथे गाईडला रावी म्हणतात, गोष्ट सांगणारी. छान इंग्रजी बोलायची, आईला हात देऊन उतरवलं तिनं. एवढ्यासाठी ती मला आवडली होती, हे आधी सांगून ठेवते, कारण पुढे मी तिच्यावर ओरडले.

उजाडायला लागलं तसे खडक करड्याचे पिवळे झाले. नूरा एका थडग्यासमोर थांबली. जमिनीलगतच दार होतं, पुढे दोरी लावलेली. ती म्हणाली, दारावर जे कोरलंय त्यात मालकाचं नाव आहे, आणि ही मालक बाई होती. तिनं हे स्वतःसाठी, आपल्या मुलींसाठी आणि मुलींच्या मुलींसाठी करून घेतलं. ‘आमच्याकडच्या बायकांचं असं स्वतःच्या नावाचं घर असायचं,’ असं ती अभिमानानं म्हणाली. मग सूर्य वर येतोय म्हणून सगळे वळले. सगळे म्हणजे मीसुद्धा. मोबाईल वर करून उभे राहिलो.

वळून पाहिलं तर आई नाही.

दोरीच्या पलीकडे, थडग्याच्या दाराशी, तिची काठी भिंतीला टेकवून ठेवलेली. आणि शेजारी बूट. दोन्ही बूट, जोडीनं, टोकं दाराकडे करून. आपण कोणाकडे गेलो की काढून ठेवतो तसे. वेलक्रो नीट परत चिकटवलेले.

काठीशिवाय ती चार पावलं टाकत नाही, आणि आत अंधार. मी दोरी उचलून धावले, ईरा माझ्यामागे. नूरा ओरडली, ‘मॅडम, प्लीज, आत जायला परवानगी नाही.’ मी तिला हिंदी, इंग्रजी, मराठीत जे तोंडाला येईल ते बोलले — तुझ्या समोरून एक आजारी म्हातारी आत गेली तेव्हा तुझी परवानगी कुठे होती? आणि मी दाराशी पोचले आणि थांबले, कारण आतून आईचा आवाज आला.

ती बोलत होती.

अडखळत नाही, तुटक नाही. स्ट्रोकच्या आधी अंगणात शेजारणीशी बोलायची तशी, तोच सूर. मी ऐकलेलं जसंच्या तसं लिहितेय, एक शब्दही वाढवलेला नाही.

‘नको गो बाय, मला नाही चालत.’

मग शांतता. कोणी काहीतरी बोलत असावं आणि ही ऐकत असावी, एवढी. दुसरा आवाज मला आला नाही. मग पुन्हा आई —

‘आमचे हे गेले ना. बरीच वर्षं झाली.’

पुन्हा शांतता, या वेळी जास्त वेळ. आणि मग आई हसली. ते हसू मी बाबा गेल्यापासून ऐकलं नव्हतं.

‘असं होय? तुमच्यात असं आहे? मग लावा.’

ईरानं माझा हात घट्ट धरला होता. ‘मम्मा, हू इज आजी टॉकिंग टू?’ ती हळूच म्हणाली. मला हे लिहून ठेवायचं आहे की ईरानं ऐकलं. माझ्या एकटीच्या कानांचा प्रश्न नाही.

आत गेले. छोटी चौकोनी खोली, भिंतीत कोरलेले रिकामे कोनाडे, खाली वाळू. आई मधोमध उभी, भिंतीला न धरता. दुसरं कोणी नाही, आणि आत यायला-जायला दुसरी वाटही नाही. ती वळली आणि दारातला उजेड तिच्या तोंडावर पडला. कपाळावर लाल होतं.

मी नर्स आहे, माझ्या मनात पहिलं आलं ते रक्त. पडली, डोकं आपटलं. पर्समधून गॉज काढलं आणि पुढे झाले. जखम नव्हती. साधं खरचटलेलंसुद्धा नाही. दोन भुवयांच्या मध्ये, रुपयाएवढं, गोल, कडा नीट असलेलं कुंकू होतं. मी तरी गॉजनं पुसायला गेले, तेवढ्यात आईनं डाव्या हातानं माझं मनगट धरलं.

‘राहू दे,’ म्हणाली. माझ्याकडे बघून, स्वच्छ.

मी राहू दिलं.

आता स्पष्टीकरणं. संदीप म्हणतो, दार बुटकं, कपाळ भिंतीला घासलं असेल, दगडाचा रंग लागला. तो दगड पिवळसर आहे. त्यानं स्वतः काढलेल्या शेकडो फोटोंत पिवळसर आहे. आणि भिंतीला घासून गोल टिळा कसा उमटतो ते त्यानं मला आमच्या घराच्या भिंतीवर करून दाखवावं. बोलण्याबद्दल विचारलं की म्हणतो मी लांब होतो, मला काही ऐकू आलं नाही. मग गप्प बस ना बाबा. ज्यानं ऐकलं नाही त्यानं ज्यांनी ऐकलं त्यांना शिकवू नये.

डॉक्टरांचं म्हणणं जरा बरं आहे. ते म्हणतात अफेजियात, म्हणजे स्ट्रोकनं अशी वाचा गेली की, कधी कधी भावनेच्या भरात जुनी, पाठ असलेली वाक्यं अख्खी बाहेर पडतात. मान्य. मी स्वतः पाहिलंय, शिव्या आणि आरत्या सटकन येतात. पण ‘तुमच्यात असं आहे?’ हे आईनं कुठे पाठ केलं होतं? हा प्रश्न आहे. प्रश्न विचारायला समोर कोणीतरी काहीतरी सांगावं लागतं. डॉक्टर म्हणाले, इंटरेस्टिंग. माझी आई आहे ती, इंटरेस्टिंग काय!

आणि भाऊ. त्यानं गावात कोणाला तरी विचारलं, आणि मला फोन करून सांगतो की थडग्यात गेली म्हणजे आईची शांत करायला हवी, तिथलं काहीतरी बरोबर आलं असेल. मी त्याला विचारलं, बरोबर काय आलं रे? जेवायला लागली ते? पुन्हा माझ्यासमोर बसून शब्द म्हणायला लागली ते? त्याची शांत करू? फोन मीच ठेवला.

कारण ती लागली. बुरैदाला परत आल्यावर दुसऱ्या संध्याकाळी ती स्वतः येऊन खुर्चीवर बसली आणि माझ्याकडे बघत राहिली, चल, घे म्हणून. ‘पाणी’ परत आलं. ‘बाय’ परत आलं. आता बरेच शब्द आहेत, एकेकटे, ओढून काढावे लागणारे. त्या पहाटेसारखं सलग वाक्य मात्र पुन्हा आलं नाही. त्याचा मला राग येतो, खोटं कशाला बोलू. कितीतरी महिने मी तिच्यासमोर बसले, आणि सगळी वाक्यं दिली कोणाला, तर जिचं मला नावही माहीत नाही तिला.

कुंकू दोन दिवस राहिलं. आंघोळीच्या वेळी आई कपाळावर हात धरून बसायची. मग हळूहळू गेलं. आत कोण होतं, असं मी किती वेळा विचारलं. ती कपाळाला बोट लावते आणि हसते. बूट कोणी काढले म्हणून विचारलं तर माझ्याकडे अशी बघते की हा काय प्रश्न आहे... कोणाच्या घरात बूट घालून जातात का?

नूराला मी दुसऱ्या दिवशी हॉटेलातून फोन करून सॉरी म्हटलं. तिनं एकच विचारलं, तुमच्याबरोबर अजून एक बाई होती का, कारण तिला वाटलं आत दोघी आहेत. का वाटलं, ते तिलाही सांगता येईना. मीही जास्त ताणलं नाही.

परवा वैशालीचा फोन आला. पुन्हा संक्रांत. मी स्पीकरवर टाकला होता, आई शेजारी तीळ निवडत होती. ‘काकूंना नक्की आण हं,’ वैशाली म्हणाली. ‘आम्ही ठरवलंय, या वेळी काकूंनाही कुंकू लावायचं. काळ बदललाय आता.’ बाईंनी परवानगी दिली. मी तोंड उघडणार, तेवढ्यात आईनं डावा हात हलवला.

‘नको,’ आई म्हणाली. मग जरा शोधून, ‘झालं.’

‘काकू बोलल्या?’ वैशाली म्हणाली. ‘काय झालं म्हणाल्या?’

‘तिचं हळदीकुंकू झालंय,’ मी म्हटलं. ‘मागच्या वर्षीच.’

‘कोणाकडे?’



‘नाव माहीत नाही,’ मी म्हटलं. ‘पण चांगल्या घरची बाई होती.’