पहिला चष्मा पायरीवर

आमचे भावजी, म्हणजे माझे धाकटे दीर, साठी ओलांडली तरी पोरकटच. जन्मभर चष्म्याच्या दुकानात काचा घासल्या, लग्न केलं नाही आणि माझ्या डोक्यावर येऊन बसले. कुणा पोराला पहिला चष्मा लागला की हे हातातलं काम टाकून त्याला दुकानाच्या पायरीवर नेत आणि समोरच्या झाडाकडे बघायला लावत. झाडाला सुटी सुटी पानं असतात, हे त्याला तेव्हा कळे. पोराचं तोंड उघडं पडायचं आणि ह्यांचं त्याहून जास्त. मालक करवादायचा. घरी तीच हकिगत मला नव्याने ऐकावी लागे. दिवसभर शिलाई मशीनवर वाकून माझी पाठ गेलेली असायची. मी नुसतं हूं हूं करत वाढायचे.

मग हकिगती थांबल्या. पायरीही सुटली. विचारलं तर म्हणाले, "वहिनी, वय झालं. आता कशाचं नवल वाटत नाही." मी म्हटलं, चला, उशिरा का होईना, शहाणे झाले. पण घर असं मुकं झालं की मी आणखीच थकले.

स्वारी मधूनमधून आपल्याच चष्म्याचा नंबर गुपचूप वाढवत होती. एकदा कपाऐवजी हातावर चहा ओतला, तेव्हा मी त्यांना ओढतच डॉक्टरकडे नेलं. मोतीबिंदू चांगला पिकला होता. दुसऱ्यांचे डोळे सांभाळणाऱ्या माणसाची ही अक्कल!

ऑपरेशन झालं. पट्टी काढून परतताना रिक्षात ते डोळे मिटून, मान खाली घालून बसले होते.

"दिसेल हो, वहिनी. पण दिसूनही काही वाटलंच नाही तर?"

घराशी उतरल्यावर मी त्यांना हाताला धरून पायरीवर उभं केलं आणि कोपऱ्यावरच्या झाडाकडे त्यांचं तोंड वळवलं. ते बघत राहिले. मी त्यांचा हात सोडला नाही.

मग ते माझ्याकडे वळले. तोंड तस्संच उघडं.

"वहिनी, किती दमलात हो तुम्ही. कधीपासून?"

इतक्या वर्षांत हे मला कुणी विचारलं नव्हतं. मी तिथेच पायरीवर बसले आणि सांगायला लागले.