उलट दुमडलेली पानं

संग्रहालयाचे मालक समोर आले तर मी त्यांना तोंडावर सांगेन, की ज्या पुस्तकाच्या जिवावर तुम्ही एवढे मिरवताय त्यात माझ्या सासूबाईंच्या हातून चूक झालीय, आणि ती त्यांनी स्वतः येऊन तुमच्या कानावर घातली होती. पण ते कुठले समोर येतायत! रांग आवरण्यातून त्यांना सवड नाही.

सासूबाई पुस्तकं बांधतात. स्वयंपाकघराला लागून त्यांची लांबट खोली आहे. तिथे दाभण, मेण लावलेले दोरे, कागदाच्या थप्प्या. पाय ठेवायला जागा नाही. नवी नवरी असताना त्यांचं खळीचं पातेलं मी हौसेनं घासून लख्ख केलं, तर त्यांनी माझ्याशी अबोला धरला. कामात त्या अशाच आहेत. दुमडलेल्या पानांची एकेक जुडी करायची, गठ्ठा पालथा घालायचा आणि शेवटच्या जुडीपासून शिवत पुढे यायचं. तोवर त्यांच्या हातचं पुस्तक कधी परत आलं नव्हतं.

मग संग्रहालयातून ‘काळाची भट्टी’ हे पुस्तक बांधायला आलं. फार जुनं, हातानं लिहिलेलं, पानं सगळी सुटलेली. शिशाचं सोनं कसं करावं आणि गेलेला काळ कसा बांधून ठेवावा, असल्या मंत्रांनी आणि काढ्यांनी भरलेलं. सासूबाई अर्ध्यावर आल्या होत्या, एवढ्यात दवाखान्यातून फोन आला. त्यांच्या धाकट्या भावाची, म्हणजे आमच्या मामांची, बायको अत्यवस्थ होती. हातातली जुडी तशीच उलगडून टेबलावर टाकून सासूबाई धावल्या. मामी घरी आल्याच नाहीत.

काही दिवसांनी सासूबाई पुन्हा कामाला बसल्या आणि ती जुडी त्यांनी उलटी दुमडली. आतली बाजू बाहेर आली, मागची पानं पुढे गेली. मुळात तिथे भट्टीवर बसलेला पोर तरुण होतो, म्हातारा होतो, शेवटी त्याची राख होते. आता आधी म्हातारा, मग राख आणि राखेनंतर पोर! मालकांनी ते वाचलं आणि त्यांना आभाळ ठेंगणं झालं. काळ उलटा फिरवण्याची विद्या सापडली म्हणे. पाट्या लागल्या, वर्ग निघाले, बाटल्यांतून काढे विकायला आले. वर शिकवण अशी, की औषधं माणसाचा काळ पुढे ढकलतात, म्हणून ती आधी बंद करा. वाचता येतं म्हणून काहीही सांगत सुटायचं का?

सासूबाईंनी वर्तमानपत्रातला त्या पानांचा फोटो डोळ्यांजवळ धरून पाहिला. कसरीच्या किड्यानं पाडलेली भोकं एका पानावरून दुसऱ्या पानावर जुळत नव्हती. तशाच उठून त्या संग्रहालयात गेल्या, चूक माझी आहे म्हणाल्या. मालक हसून म्हणाले, “बाई, तुम्ही शिवा. अर्थ आम्ही लावतो.”

मला संताप आला तो त्या हसण्याचा. आणि त्याहून जास्त आला तो मामांनी वर्गात नाव घातलं तेव्हा. हृदयाच्या गोळ्या त्यांनी कचऱ्यात टाकल्या. मामी असतानाचे दिवस त्यांना परत हवे होते. आमच्या जिन्यावर ते मध्येच कठडा धरून थांबत, आणि आम्ही वरून नुसतं बघायचं. सासूबाईंनी समजावलं, रागावून पाहिलं. ऐकतील तर ना.

हाताळून हाताळून पुस्तकाचा दोरा तुटला आणि ते पुन्हा सासूबाईंकडे आलं. “जसं होतं तसंच शिवा,” असा निरोप होता. त्यांनी ते सगळं उसवलं, मामांना बोलावलं आणि ती जुडी त्यांच्यासमोर नीट दुमडून दाखवली. कसरीचं भोक सुईसारखं आरपार गेलं. मामांनी त्यात डोळा घालून पाहिलं. बराच वेळ पाहिलं.

“कळलं मला,” मामा म्हणाले. “पण ताई, सरळ वाचलं तर शेवटी राखच राहते. ती मी पाहिलीय. तू उलटीच लाव.”

मला वाटलं, आता या कडाडणार. त्यांनी सुईत दोरा ओवला.

“लावते. पण पुस्तक सध्या सुटलेलं आहे, त्याची विद्या काही चालायची नाही. शिवून होईपर्यंत गोळी घ्यायला तुझं काय जातंय? रोज ये. तू गोळी घेतलीस की मी एक जुडी शिवेन. नाहीतर नाही.”

मामांना हे पटलं! वेडेपणाचाही एक हिशेब असतो, तो सासूबाईंनी बरोबर धरला. मामा रोज येऊ लागले. मालकांचे निरोपावर निरोप येत, मी निरोप्यांना दारातूनच वाटेला लावत असे. हळूहळू मामा जिना न थांबता चढू लागले. त्या जुडीची पाळी आली तेव्हा सासूबाईंनी विचारलं, कशी लावू? ते म्हणाले, उलटी. सासूबाईंनी आतली बाजू बाहेर काढून दुमडली आणि टाका घातला.

पुस्तक गेलं. रांग पूर्वीपेक्षा लांब झाली. मी सासूबाईंवर भडकले. उभ्या आयुष्यात एक वाकडं पुस्तक बाहेर गेलं, ते आता पुन्हा जाणूनबुजून? त्या लफंग्यांचं फावलं, आणखी किती जण गोळ्या टाकतील? त्या टेबलावरचे दोऱ्यांचे तुकडे गोळा करू लागल्या. तेवढ्यात मामा आले. शिवायला काही उरलं नव्हतं, तरी नेहमीच्या स्टुलावर बसले आणि गोळीसाठी हात पुढे केला.

ते गेल्यावर सासूबाई एवढंच म्हणाल्या, “पुस्तकाला वेळ आहे गं. त्याला नव्हता.”