कचेरीतला दुसरा माणूस

आमचे हे, मोनिमोस, ओरोंतेस नदीकाठच्या आमच्या शहरात रोमी सुभेदाराच्या कचेरीत पुकारा करणारे म्हणून लागले. कमरेला सरकारी पट्टा, आणि आवाज असा, की हे "शांतता" म्हणाले की बाहेरची गाढवंसुद्धा गप्प होत. चढत चढत दुसऱ्या जागेवर आले आणि तिथेच अडकले, कारण पहिल्या जागेवर अल्फिओस होता. वरचा उठल्याशिवाय खालचा सरकत नाही.

मुख्य होऊन नोकरीचा पट्टा उतरवला, तर नगरसभा माणसाला हात लावू शकत नाही. त्याआधी उतरला, तर ती त्याला धरून सभासद करते आणि शहराच्या न्हाणीघराची भट्टी पदरच्या खर्चाने पेटवायला लावते. माझ्या दिराचं अख्खं ऑलिव्हचं बन त्या भट्टीत गेलं. आता ह्यांची नजर मंदावली होती. कचेरीतून निरोप केव्हाही मिळाला असता. अल्फिओसला एकही दात उरला नव्हता, पण जायचं नाव काढत नव्हता. ह्यांनी तब्येत विचारली की म्हणे, तुझ्याच काळजीवर तगलोय.

तेवढ्यात आमचे बिशप वारले. आमच्याकडे नवा बिशप लोकांच्या आरोळीने ठरतो. एकदा नाव उठलं की माणसाला धरून बसवतात, आणि त्याचा पट्टा त्याच दिवशी सुटतो. ह्यांना युक्ती सुचली. सगळं शहर देवळात जमलेलं असताना ह्यांनी ठेवणीतला आवाज काढला, "अल्फिओस योग्य आहे!"

अल्फिओस सावकाश उठला. म्हणाला, जो इतकी वर्षं माझ्या जागेची वाट पाहतोय, तोच माझं भलं मागतोय. असं निर्मळ मन माझ्याकडे कुठलं? मग त्या बोळक्यातून आरोळी आली, "मोनिमोस योग्य आहे!" आणि छप्पर दणाणलं. हे नको नको म्हणत खांबाला मिठी मारून बसले. लोकांना तीच खूण हवी होती. नको म्हणतो, तोच खरा साधू.

बिशपाला भट्टी माफ. पण त्याने बायकोशी भावासारखं राहायचं असतं. घरी आल्यावर मी विचारलं, "दादा, अंथरूण कुठे घालू?"

दुसऱ्या दिवशी अल्फिओस आशीर्वादाला आला. ह्यांच्या हाताचं चुंबन घेऊन म्हणाला, "मोनिमोसा, माझ्या मरणाची वाट बघत होतास ना? आता मेलो की पुरायचंही तुलाच."

ते राहूनच गेलं. ह्यांच्या प्रेतयात्रेत अल्फिओस सर्वांत पुढे होता, आणि चांगला ताठ चालत होता.